एकच माणूस, दोन नोंदी: सी. रामचंद्र यांची गोष्ट

ज्यांना बसमध्ये किंवा ऑफिसात भाग ऐकायला जमत नाही, त्यांच्यासाठी हा नेहमीसारखा लिखित मजकूर. बोलताना मी दोन-तीन ठिकाणी अडखळलो होतो, तेवढं काढून टाकलंय. बाकी जसं बोललो तसंच आहे.

सुरुवात एका वरातीपासून करतो. मागच्या उन्हाळ्यात आमच्या मस्तगडातून, म्हणजे आपल्या जालन्यातल्याच, एक वरात निघाली. डीजे नव्हता, साधा बँड होता. पाच-सहा गाणी झाली, लोक आपले उभे. मग ट्रम्पेटवाल्यानं एक चाल उचलली आणि काय सांगू, नवरदेवाच्या काकांपासून पुण्याहून आलेल्या माझ्या मित्रापर्यंत सगळे नाचायला लागले. या मित्राच्या फोनमध्ये एकही जुनं गाणं नाही, बरं का. चाल होती ‘शोला जो भडके’.

रात्री घरी आलो तर आजी माझ्या ताईच्या बाळाला झोपवत होती. गुणगुणत होती ‘धीरे से आजा री अंखियन में’. मलाही तिनं लहानपणी हेच गाऊन झोपवलंय. मला कित्येक वर्षं वाटायचं, ही कुठलीतरी परंपरेनं आलेली अंगाई असेल. त्या दिवशी सहज फोन काढला आणि शोधलं. दोन्ही गाणी एकाच सिनेमातली निघाली. ‘अलबेला’, १९५१. आणि दोन्हीचा संगीतकार एकच.

आता गंमत पुढे आहे. ॲपवर गाण्याखाली गायक म्हणून नाव होतं ‘चितळकर’. त्यावर बोट ठेवलं तर थोडीशी गाणी आली. संगीतकार म्हणून नाव होतं ‘सी. रामचंद्र’. त्यावर बोट ठेवलं तर वेगळीच, भलीमोठी यादी. ॲपच्या दृष्टीनं ही दोन माणसं. मी सॉफ्टवेअरमध्ये काम करतो, त्यामुळे माझ्या लगेच लक्षात आलं की डेटाबेसमध्ये एकाच माणसाच्या दोन नोंदी पडल्यात आणि त्या कुणी जोडल्याच नाहीत. माणूस एकच: रामचंद्र नरहर चितळकर. ‘सी’ म्हणजे चितळकरमधलंच पहिलं इंग्रजी अक्षर. गाताना चितळकर, चाल लावताना सी. रामचंद्र, आणि इंडस्ट्रीत सगळ्यांचे अण्णा. सुरुवातीच्या काळात तर ‘राम चितळकर’ आणि ‘अण्णासाहेब’ या नावांनीही त्यांनी संगीत दिलंय.

आजचा भाग या नोंदी जोडण्याचा आहे.

हिरो व्हायला गेलेला मुलगा

जालन्याहून मनमाडला जा, तिथून दौंडच्या लाइनीची गाडी पकडा. वाटेत पुणतांबा लागतं. गोदावरीकाठचं, चांगदेवांच्या समाधीचं गाव. आपल्या पिढीला ते २०१७ च्या शेतकरी संपामुळे आठवतं. याच गावात १२ जानेवारी १९१८ रोजी रामचंद्र चितळकरांचा जन्म झाला.

शास्त्रीय गाण्याचं शिक्षण त्यांनी नीट घेतलं. नागपूरला शंकरराव सप्रे यांच्याकडे आणि पुण्याला गांधर्व महाविद्यालयात विनायकबुवा पटवर्धनांकडे. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे कामाला येणार आहे. कारण या माणसाची ओळख ‘पाश्चात्त्य ठेका आणणारा’ अशी करून दिली जाते, आणि त्यांचा पाया मात्र असा पक्का रागदारीतला होता.

पण सिनेमात ते संगीतकार व्हायला गेलेच नव्हते. गेले होते हिरो व्हायला! ‘नागानंद’ नावाच्या सिनेमात त्यांनी नायकाचं काम केलं, पण अभिनयात काही जम बसला नाही. मग सोहराब मोदींच्या मिनर्व्हा मूव्हीटोनमध्ये किरकोळ भूमिका. तिथंच ते बिंदू खान आणि हबीब खान या संगीतकारांना हार्मोनियमवर साथ करायला लागले.

विचार करा. कॅमेऱ्यासमोर उभं राहायचं स्वप्न घेऊन गेलेला मुलगा एका कोपऱ्यात पेटी वाजवत बसलाय. आपल्यातले कितीतरी जण ज्या कामासाठी शिकले ते सोडून भलतंच करतायत, त्यांना हे वेगळं सांगायला नको. पण त्या कोपऱ्यातून त्यांना एक गोष्ट जवळून दिसली: गाणं तयार कसं होतं.

भगवानदादा भेटले

पहिली संधी हिंदीत नाही, तमिळमध्ये मिळाली. ‘जयकोडी’ आणि ‘वनमोहिनी’ हे ते सिनेमे. त्यांचे दिग्दर्शक होते भगवान आभाजी पालव, म्हणजे आपले भगवानदादा. गिरणी कामगाराचा मुलगा, शरीर कमावलेला, नाचायला तयार. एक पुणतांब्याचा, एक मुंबईच्या कामगार वस्तीतला, आणि दोघं मिळून तमिळ सिनेमा करतायत!

१९४२ मध्ये भगवानदादांच्याच ‘सुखी जीवन’मधून अण्णांचं हिंदीत नाव झालं. पुढची पाच वर्षं लहान-मोठी कामं. मग १९४७ मध्ये फिल्मिस्तानचा ‘शहनाई’ आला. त्यातल्या ‘आना मेरी जान संडे के संडे’ या गाण्यात चक्क शिट्टी होती. गाण्यात शिट्टी! ज्यांना सिनेमासंगीत म्हणजे सभ्य घरात ऐकण्याची गोष्ट वाटायची, त्यांच्या कपाळावर आठ्या पडल्या असणार. गाणं मात्र तुफान चाललं.

१९४९ मध्ये ‘पतंगा’ आला. त्यातलं ‘मेरे पिया गये रंगून’ तुमच्या कानावर नक्की आलेलं असणार. ते आख्खं गाणं म्हणजे एक फोन कॉल आहे. नवरा रंगूनला, बायको देहरादूनला, मध्ये टेलिफोनची तार. शमशाद बेगम आणि स्वतः चितळकर गातात. आज आपण व्हिडिओ कॉलवर ‘आवाज येतोय का?’ म्हणतो ना, त्याचाच हा खापरपणजोबा. नवीन तंत्र घरात आलं की त्यातून होणारी धांदल आणि विरह दोन्ही गाण्यात पकडता येतं, हे या माणसाला तेव्हाच कळलं होतं.

चाल कुणाची, वाजवणं कुणाचं

इथं थोडं थांबू आणि एक गोष्ट नीट समजून घेऊ. ‘संगीतकार’ नेमकं करतो काय?

त्या काळी गाणं साधारण असं बनायचं. आधी संगीतकार आणि गीतकार बसायचे. चाल आणि शब्द तयार व्हायचे, बहुतेक वेळा पेटीवर. ही झाली गाण्याची मूळ रेघ. पण स्टुडिओत तीस-चाळीस वादक बसलेत, त्यांनी काय वाजवायचं? मुखडा आणि अंतऱ्याच्या मधल्या जागेत काय येणार? व्हायोलिन कुठं शिरणार, ट्रम्पेट कुठं गप्प बसणार? हे ठरवून कागदावर लिहून काढणाऱ्याला म्हणतात अरेंजर, म्हणजे संगीत संयोजक.

आणि ‘कागदावर’ हा शब्द महत्त्वाचा आहे. आपल्याकडची शिकवण तोंडी: गुरू गातो, शिष्य ऐकतो. व्हायोलिनच्या ताफ्याला मात्र पाच रेघांवरची पाश्चात्त्य स्वरलिपी लागते. ती मुंबईत सफाईनं कोण वाचू-लिहू शकत होतं? गोव्याचे वादक. गोव्यात चर्चच्या शाळांमधून पोरांना लहानपणीच स्वरलिपी आणि व्हायोलिन शिकवायचे. हीच पोरं मोठी होऊन मुंबईत आली. संध्याकाळी मोठ्या हॉटेलांत जॅझ वाजवायची आणि दिवसा स्टुडिओत आपली हिंदी गाणी.

तेव्हा वेगवेगळे ट्रॅक रेकॉर्ड करून नंतर जुळवायची सोय नव्हती. गायक आणि सगळे वादक एकाच वेळी. एकाची चूक झाली की सगळ्यांनी पुन्हा पहिल्यापासून. कंट्रोल-झेड नाही, भावांनो.

अण्णांना अमेरिकन जॅझ आवडायचं, क्लॅरिनेटवादक बेनी गुडमन तर विशेष. पण आवडणं वेगळं आणि ते आपल्या गाण्यात उतरवणं वेगळं. त्यासाठी त्यांच्याबरोबर शिक चॉकलेट होते. खरं नाव अंतोनियो झेवियर वाझ, गोव्यातल्या हळदोण्याचे, ट्रम्पेटवादक. त्यांना भारताचा लुई आर्मस्ट्राँग म्हणायचे. मुंबईच्या ताजमहाल हॉटेलात त्यांचा बँड वाजायचा. ‘अलबेला’मध्ये ते अण्णांचे सहायक होते, आणि त्याच सिनेमात ते बँडसकट पडद्यावरही दिसतात.

आता ‘शोला जो भडके’ हेडफोन लावून पुन्हा ऐका. बोंगो, ओबो, ट्रम्पेट, क्लॅरिनेट, सॅक्सोफोन, सगळं आहे. आपल्या वरातीतल्या बँडवाल्यांना हे गाणं इतकं का आवडतं? कारण त्यांच्या हातात आहेत तीच वाद्यं मूळ गाण्यात आहेत. त्यांना काही बदलावं लागत नाही. हे गाणं जणू वरातीसाठीच लिहिल्यासारखं आहे.

दोन आणि चारवर चुटकी

‘जॅझचा ठेका’ म्हणजे काय, हे एका मिनिटात समजून घेऊ. एक-दोन-तीन-चार असं मोजत राहा. भजनात आपण जोर कुठं देतो? ‘एक’वर. आता मोजणं तेच ठेवा, पण चुटकी फक्त ‘दोन’ आणि ‘चार’वर वाजवा. लगेच मान वेगळी हलायला लागते. बस, एवढाच फरक. पण त्या फरकानं अंगाला झोका मिळतो.

अण्णांनी काय केलं? चाल आपल्या माणसाला पहिल्यांदा ऐकूनही गुणगुणता येईल अशी ठेवली आणि खालचा ठेका बदलला. म्हणून ऐकणाऱ्याला ते गाणं परकं वाटलं नाही.

१९५७ च्या ‘आशा’मधलं ‘ईना मीना डीका’ हे याचं सगळ्यात धमाल उदाहरण. अमेरिकेत बिल हेलीचं ‘रॉक अराउंड द क्लॉक’ १९५५ मध्ये गाजलं आणि दोन वर्षांत आपल्याकडे किशोरकुमार रॉक अँड रोल गात होते. याच गाण्याचा दुसरा अवतार आशाबाईंच्या आवाजात आहे. गाण्याच्या जन्माची गोष्ट अशी सांगतात: अण्णांच्या खोलीबाहेर मुलं इंग्रजीतलं ‘ईनी मीनी’ म्हणत खेळत होती. त्यातून सुरुवात सुचली. त्यांचे सहायक जॉन गोम्स गोव्याचे, त्यांनी त्यात कोकणी घुसवलं: ‘माका नाका’. म्हणजे ‘मला नको’! सगळा भारत ज्याला निरर्थक बडबड समजून नाचला, त्यात सिंधुदुर्गातल्या आजीलाही कळतील असे दोन शब्द लपलेत. हे कळल्यापासून मला ते गाणं ऐकताना हसू आवरत नाही.

आणि मग ‘अनारकली’

आता कुणी म्हणेल, ठीक आहे, माणूस नाचाच्या गाण्यांचा. तर मग १९५३ चा ‘अनारकली’ काढा. त्या वर्षीचा सर्वांत जास्त चाललेल्या सिनेमांपैकी एक, आणि त्यात ट्रम्पेटची धमाल नाही. लताबाई आणि हेमंतकुमारांचं ‘जाग दर्द-ए-इश्क जाग’ हे बागेश्री रागातलं आहे. बागेश्री रात्रीचा राग, कोमल गंधार आणि कोमल निषादाचा, हुरहुर लावणारा. हा अण्णांचा लाडका. १९५५ च्या ‘आझाद’मधलं ‘राधा ना बोले’ पुन्हा बागेश्रीच, पण त्यात दुःख नाही, रुसवा आहे. राग एक, भाव दोन. विनायकबुवांकडची तालीम इथं दिसते.

‘आझाद’चीही एक गोष्ट सांगतात. निर्मात्याला सगळी गाणी महिन्याभरात हवी होती. नौशादसाहेबांनी अशा घाईत काम करायला नकार दिला. अण्णांनी ते घेतलं आणि पूर्ण करून दिलं. डेडलाइनवर काम करणाऱ्यांनो, हा किस्सा मॅनेजरला मात्र सांगू नका.

‘अलबेला’कडे पुन्हा या. एका सिनेमात वरातीचा दंगा आणि पिलूच्या वळणाची ती अंगाई, दोन्ही. मला आधी वाटायचं या माणसाच्या दोन शैली होत्या: एक देशी, एक विदेशी. आता तसं वाटत नाही. त्यांचा प्रश्न नेहमी एकच असावा: पडद्यावरच्या या माणसाला आत्ता काय होतंय? नाचावंसं वाटत असेल तर बोंगो आणा. बाळाला झोपवायचं असेल तर सगळे बाजूला व्हा, फक्त आवाज पुढे येऊ द्या. वाद्य देशी की विदेशी, हा प्रश्न नंतरचा.

गर्दी कमी झाली तेव्हा

१९५९ मध्ये व्ही. शांतारामांचा ‘नवरंग’, १९६१ मध्ये त्यांचाच ‘स्त्री’. ‘नवरंग’ची गाणी आशाबाईंच्या आवाजात गाजली. तोवर लताबाई आणि अण्णांमध्ये दुरावा आला होता. ज्या आवाजासाठी त्यांनी आपल्या उत्तमातल्या चाली केल्या, तोच आवाज आता पहिल्यासारखा सोबत नव्हता. हिंदीतलं कामही हळूहळू कमी होत गेलं.

आणि नेमक्या याच उताराच्या काळात त्यांनी असं गाणं केलं, जे कुठल्याच सिनेमात नाही आणि प्रत्येक शाळेत आहे. १९६२ चं चीनबरोबरचं युद्ध नुकतंच होऊन गेलं होतं. कवी प्रदीप यांनी शब्द लिहिले, अण्णांनी चाल लावली आणि २७ जानेवारी १९६३ ला दिल्लीत पंतप्रधान नेहरूंसमोर लताबाईंनी ते गायलं: ‘ऐ मेरे वतन के लोगों’. दुरावा बाजूला ठेवून या गाण्यासाठी दोघं एकत्र आले.

आपण हे गाणं पंधरा ऑगस्टला लाऊडस्पीकरवर इतक्या वेळा ऐकलंय की नीट कधी ऐकलेलंच नाही. एकदा रात्री शांतपणे ऐका. सुरुवातीचा भाग ठेक्याशिवाय आहे. जो माणूस ठेक्यासाठी ओळखला जायचा, त्यानं इथं ठेका रोखून धरला. युद्धाचं गाणं म्हणून ढोल-बिगुल बडवता आले असते. त्यांनी मेलेल्या माणसाच्या घरात बसून बोलावं तशी चाल केली.

मराठीत

आपल्या भाषेतही त्यांनी जीव ओतला. ‘धनंजय’ (१९६६) आणि ‘घरकुल’ (१९७०) हे दोन मराठी सिनेमे त्यांनी स्वतः काढले, संगीत दिलं आणि त्यांत कामही केलं. म्हणजे हिरो व्हायला निघालेला तो मुलगा शेवटी कॅमेऱ्यासमोर आलाच! ‘घरकुल’मधलं ‘पप्पा सांगा कुणाचे’ आजही बालवाडीच्या गॅदरिंगला असतं. त्याच सिनेमात सुरेश भटांची ‘मलमली तारुण्य माझे’ आशाबाईंनी गायलीय. लहान मुलांचं गाणं आणि इतकी तरल शृंगाराची रचना, पुन्हा एकाच सिनेमात. सवय जुनीच. गदिमांच्या ‘गीतगोपाल’लाही चाली त्यांच्याच.

१९७७ मध्ये त्यांचं आत्मचरित्र आलं, ‘माझ्या जीवनाची सरगम’. ५ जानेवारी १९८२ रोजी मुंबईत ते गेले. शंभरावर सिनेमे मागे ठेवून.

मग आपण काय करायचं?

फार काही नाही. एक प्लेलिस्ट करा आणि या क्रमानं ऐका: आधी ‘मेरे पिया गये रंगून’, मग ‘शोला जो भडके’, लगेच ‘धीरे से आजा री’, मग ‘राधा ना बोले’, मग ‘ईना मीना डीका’, आणि शेवटी ‘ऐ मेरे वतन के लोगों’. मध्ये स्किप करू नका. पाऊण तासही लागणार नाही. पहिल्यांदा शब्द ऐका. दुसऱ्यांदा शब्द सोडून फक्त मधल्या जागा ऐका, जिथं गायक थांबतो आणि वादक बोलतात. तिथं तुम्हाला शिक चॉकलेट आणि जॉन गोम्ससारखी माणसं भेटतील, ज्यांची नावं कॅसेटच्या कव्हरवर नव्हती आणि ॲपवरही सहसा नसतात.

आमच्या धंद्यात कुणी एक ओळ कोड लिहिली तरी त्याच्या नावानिशी नोंद राहते. दहा वर्षांनी कुणीही बघू शकतं की ही ओळ कुणाची. गाण्यांच्या बाबतीत ती नोंद ठेवायला कुणी बसलं नाही. मी त्या ॲपला मेल टाकलाय की चितळकर आणि सी. रामचंद्र एकच आहेत, या दोन नोंदी जोडा. अजून उत्तर आलेलं नाही. आलं की पुढच्या भागात सांगीन.

आजीला मात्र मी सांगितलं, की तुझी अंगाई आणि ती वरातीतली चाल एकाच माणसाची, आणि तो इथून फार लांबचा नाही, पुणतांब्याचा. ती म्हणाली, ‘असंल. पोरगं झोपलंय, हळू बोल.’

तर मंडळी, तुमच्या घरात असं एखादं गाणं असेल, जे तुम्हाला परंपरेनं आलेलं वाटतं, तर एकदा शोधून बघा. त्यामागं कुणीतरी पेटी पुढ्यात घेऊन बसलेलं असतं. सापडलं तर मला व्हॉइस नोट पाठवा, पुढच्या भागात लावू. भेटूया!